कुळाचा घटक ते खंडकरी कूळ : स्कॉटलंडच्या डोंगराळ प्रदेशातील कृषक समाज आणि भांडवलशाही (१७४६–१८८६)

प्रस्तावना

मराठीत ‘कूळ’ या शब्दाला दोन अर्थ आहेत. एका अर्थाने कूळ म्हणजे वंश, घराणे. एका मूळ पुरुषापासून आपली उत्पत्ती सांगणारा समूह. दुसऱ्या अर्थाने कूळ म्हणजे दुसऱ्याच्या मालकीची जमीन खंडाने कसणारा शेतकरी. स्कॉटलंडच्या उत्तर व पश्चिम भागांतील डोंगराळ प्रदेश, म्हणजे हायलँड्स, आणि त्यालगतची बेटे यांचा अठराव्या व एकोणिसाव्या शतकांतील इतिहास हा या दोन अर्थांमधील प्रवासाचा इतिहास आहे. येथील गेलिक भाषक शेतकरी प्रथम पहिल्या अर्थाने कुळाचा घटक होता. शे-दीडशे वर्षांच्या अवधीत तो केवळ दुसऱ्या अर्थाने कूळ उरला आणि पुष्कळ ठिकाणी तेवढाही उरला नाही.

या स्थित्यंतराकडे अभ्यासकांनी वेगवेगळ्या दृष्टींनी पाहिले आहे. जॉन प्रेबल यांच्या १९६३ मधील ग्रंथाने जमीनमालकांनी केलेल्या विश्वासघाताची कथा सर्वसामान्य वाचकांपर्यंत पोहोचवली. फिलिप गॅस्केल यांनी मॉर्वर्न या परिसराच्या अभ्यासात (१९६८) आर्थिक परिस्थितीचा आणि जमीनमालकांच्या अडचणींचाही विचार केला. जेम्स हंटर यांनी १९७६ मध्ये शेतकऱ्यालाच इतिहासाच्या केंद्रस्थानी आणले, तर एरिक रिचर्ड्स आणि टी. एम. डिव्हाइन यांनी जहागिरींच्या दप्तरांच्या आधारे या प्रक्रियेतील प्रादेशिक भेद आणि टप्पे स्पष्ट केले. त्यापूर्वी, १८६७ मध्ये, कार्ल मार्क्सने ‘भांडवल’ या ग्रंथाच्या पहिल्या खंडात भांडवलाच्या आदिम संचयाचे उदाहरण म्हणून सदरलंडमधील घटनांचा उल्लेख केला होता.

या लेखनात शेतकऱ्याच्या विस्थापनाची चर्चा विपुल आहे. तथापि विस्थापन ही या प्रक्रियेची एक बाजू झाली. भांडवलशाहीने हायलँडच्या शेतकऱ्याला जसे उठवले, तसेच त्याला नव्याने घडवलेही. ‘क्रॉफ्ट’ ही लहानशी खंडाची जमीन आज हायलँडच्या प्राचीन परंपरेची खूण समजली जाते. प्रत्यक्षात ती बहुतांशी बाजारपेठेच्या गरजेतून निर्माण झालेली व्यवस्था आहे. हे रूपांतर कोणत्या क्रमाने घडले आणि कागदावर नसलेल्या हक्काचे त्यात काय झाले, याचा विचार प्रस्तुत निबंधात केला आहे.

कुळव्यवस्था आणि जमिनीवरील परंपरागत हक्क

हायलँडमधील कुळाचा प्रमुख हा एकाच वेळी वंशाचा नायक, लढाईतील सेनापती आणि न्यायनिवाडा करणारा अधिकारी होता. कुळातील सर्वच लोक त्याचे रक्ताचे नातेवाईक असत असे नाही. संरक्षणासाठी आश्रयाला आलेली अनेक घराणीही त्याचे नाव लावीत. परंतु सर्वांची एक समजूत समान होती. पिढ्यान्‌पिढ्या ज्या भूमीवर वस्ती केली आणि जिच्यासाठी रक्त सांडले, त्या भूमीवर राहण्याचा आपला हक्क आहे आणि प्रमुख हा त्या हक्काचा राखणदार आहे, ही ती समजूत होय. गेलिक भाषेत या कल्पनेला ‘दूखस’ म्हणत. या हक्काची नोंद कोणत्याही दस्तऐवजात नव्हती. राजाने दिलेली सनद प्रमुखाच्या नावे असे आणि कायद्याच्या दृष्टीने जमीन त्या सनदेनुसार त्याचीच होती. जोपर्यंत प्रमुखाला जमिनीच्या उत्पन्नापेक्षा तलवार धरणाऱ्या माणसांची अधिक गरज होती, तोपर्यंत सनद आणि ‘दूखस’ यांच्यातील विसंगती उघड झाली नाही.

प्रमुख आणि सामान्य शेतकरी यांच्यामध्ये ‘टॅक्समन’ हा मध्यस्थांचा वर्ग असे. हे बहुधा प्रमुखाचेच भाऊबंद असत. ते प्रमुखाकडून मोठ्या क्षेत्राचा पट्टा घेत, त्यातील जमीन शेतकऱ्यांना लावून देत आणि युद्धप्रसंगी आपल्या भागातील माणसे घेऊन हजर होत. शेतकऱ्यांची वस्ती लहान लहान सामायिक गावांची होती. गावातील लागवडीची जमीन पट्ट्यांमध्ये विभागून ठरावीक काळाने चिठ्ठ्या टाकून फिरती वाटली जाई, जेणेकरून सुपीक आणि निकस भाग प्रत्येकाच्या वाट्याला आळीपाळीने यावा. या पद्धतीला ‘रनरिग’ असे नाव होते. ओट आणि जव ही मुख्य पिके होती. उन्हाळ्यात स्त्रिया व मुले गुरे घेऊन डोंगरावरील कुरणांत जात, तेथील झोपड्यांत राहून लोणी व चीज तयार करीत. डोंगर सामायिक होता आणि गावाचे जगणे त्या डोंगरावर अवलंबून होते.

ही व्यवस्था समतेची होती असे मानणे चुकीचे ठरेल. टॅक्समन शेतकऱ्यांकडून वेठ घेत. खंड मुख्यत्वे धान्यरूपात, गुरांच्या रूपात आणि सेवेच्या रूपात वसूल होई. पीक बुडाल्यास उपासमार ठरलेली असे. सतराव्या शतकाच्या अखेरच्या दशकातील दुष्काळाने संपूर्ण स्कॉटलंड होरपळून निघाले होते. ती बाजारापासून पूर्णपणे अलिप्तही नव्हती. हायलँडची काळी गुरे दरवर्षी डोंगरवाटांनी दक्षिणेकडील क्रीफच्या आणि पुढे फॉल्कर्कच्या बाजारात हाकत नेली जात. मात्र जमीन स्वतः बाजारातील वस्तू झालेली नव्हती, हा या व्यवस्थेचा महत्त्वाचा विशेष होता.

प्रमुखाचे जमीनदारात रूपांतर

१६ एप्रिल १७४६ रोजी कलोडनच्या माळावर जॅकोबाइट सैन्याचा पराभव झाला आणि हायलँडची कुळव्यवस्था संपली, असे सामान्यतः सांगितले जाते. या पराभवानंतर शस्त्रबंदी कडक करण्यात आली, पारंपरिक वेशावर बंदी आली आणि १७४७ च्या कायद्याने प्रमुखांचे वंशपरंपरागत न्यायदानाचे अधिकार काढून घेण्यात आले. परंतु बदलाची सुरुवात त्यापूर्वीच झालेली होती. १६०९ मध्ये आयोना येथे झालेल्या करारान्वये बेटांवरील प्रमुखांना आपले वारस शिक्षणासाठी दक्षिणेकडील सखल प्रदेशात पाठवणे भाग पडले. एडिंबरो आणि पुढे लंडन येथील राहणीचा खर्च वाढत गेला. तो खर्च धान्यरूपी खंडातून किंवा माणसांच्या निष्ठेतून भागणारा नव्हता. त्यासाठी रोख पैसा लागत होता.

या दृष्टीने आर्गाइलच्या ड्यूकने १७३७ मध्ये उचललेले पाऊल निर्णायक मानले जाते. त्याच्या वतीने डंकन फोर्ब्स याने मल, टायरी आणि मॉर्वर्न येथील जमिनींचे पट्टे टॅक्समनांच्या मध्यस्थीशिवाय थेट बोली लावून देण्याचा प्रयत्न केला. जो अधिक खंड देईल त्याला जमीन, हे तत्त्व येथे उघडपणे स्वीकारले गेले. आर्गाइलचे घराणे सरकारशी एकनिष्ठ होते. कलोडनच्या पराभवाचा त्याच्याशी संबंध नव्हता. कुळव्यवस्था केवळ तलवारीने मोडली नाही, तर हिशेबाच्या वहीनेही मोडली, हे या उदाहरणावरून दिसून येते.

अठराव्या शतकाच्या उत्तरार्धात गुरांच्या किमती वाढल्या आणि खंड त्याहून वेगाने वाढले. टॅक्समनांचे महत्त्व संपत गेले. त्यांच्यापैकी अनेकांनी आपल्या शेतकऱ्यांना बरोबर घेऊन उत्तर अमेरिकेची वाट धरली. १७७३ मध्ये ‘हेक्टर’ या जहाजातून नोव्हा स्कोशियाला गेलेले प्रवासी हे या काळातील स्थलांतराचे सर्वपरिचित उदाहरण आहे. त्याच वर्षी हायलँडचा प्रवास केलेल्या सॅम्युएल जॉन्सनने प्रमुख आता पितृतुल्य शासक राहिले नसून खंडाच्या मागे लागलेले जमीनमालक होत चालले आहेत, असे निरीक्षण नोंदवले. शेतकऱ्याच्या मनात मात्र जुने नाते दीर्घकाळ जिवंत राहिले. एका बाजूने करार संपलेला होता आणि दुसऱ्या बाजूला त्याची वार्ताच नव्हती, असे या काळाचे वर्णन करता येईल.

मेंढ्यांचे आगमन आणि खोऱ्यांचे ओसाड होणे

इंग्लंडमधील कापड-उद्योगाच्या वाढीबरोबर लोकरीला मागणी आली आणि वाढत्या शहरांमुळे मांसालाही. दक्षिणेकडील मेंढपाळ भांडवलदार डोंगरी जमिनीसाठी गावकऱ्यांना देता येणार नाही एवढा खंड देऊ लागले. प्रथम काळ्या तोंडाच्या मेंढ्या आल्या. १७९० च्या दशकात सर जॉन सिंक्लेअर यांच्या प्रयोगांनंतर शेव्हियट जातीच्या मेंढ्याही उत्तरेत रुजल्या. या मेंढ्यांना हिवाळ्यात खोऱ्यातील सखल, आसऱ्याची जमीन लागे आणि नेमक्या त्याच जमिनीवर गावांची शेते होती. डोंगर मेंढ्यांना आणि खोरे माणसांना, अशी विभागणी त्यामुळे अशक्य झाली.

१७९२ हे वर्ष गेलिक स्मृतीत ‘मेंढ्यांचे वर्ष’ म्हणून ओळखले जाते. त्या उन्हाळ्यात रॉस परगण्यातील शेतकऱ्यांनी हजारो मेंढ्या एकत्र करून त्यांना प्रदेशाबाहेर हाकून देण्यास सुरुवात केली. संघर्षाची ठिणगी किल्डरमोरी येथे पडली. तेथील मेंढपाळांनी शेजारच्या शेतकऱ्यांची गुरे कोंडून ठेवली होती. फोर्ट जॉर्ज येथून सैन्य येताच उठाव मोडला. काहींना शिक्षा झाल्या आणि काळ्या पाण्याची शिक्षा झालेले कैदी तुरुंगातून निसटले. ‘आपल्या’ जमिनीवरून परकी जनावरे बाहेर काढणे हा आपला न्याय्य अधिकार आहे, अशीच शेतकऱ्यांची धारणा होती.

सर्वांत व्यापक स्थलांतर सदरलंडच्या जहागिरीत घडवून आणले गेले. सदरलंडची काउंटेस आणि तिचा पती स्टॅफर्डचा मार्क्विस यांच्याकडे इंग्लंडमधील कालवे आणि जमिनी यांतून आलेली प्रचंड संपत्ती होती. जेम्स लॉक हा त्यांचा मुख्य कारभारी आणि विल्यम यंग व पॅट्रिक सेलर हे स्थानिक कारभारी होते. १८०७ ते १८२१ या काळात अंतर्भागातील खोरी टप्प्याटप्प्याने रिकामी करून तेथील हजारो लोकांना समुद्रकाठच्या चिंचोळ्या पट्टीत हलवण्यात आले. १८१४ मध्ये स्ट्रॅथनेव्हर खोऱ्यात घरांची छपरे पाडून लाकडे जाळण्यात आली. ही जमीन रिकामी करणारा सेलर स्वतःच तेथील मेंढवाड्याचा नवा पट्टेदार होता. मनुष्यवध आणि जाळपोळ या आरोपांखाली एप्रिल १८१६ मध्ये त्याच्यावर इन्व्हर्नेस येथे खटला चालला. पंचांनी त्याला निर्दोष ठरवले आणि त्याच्याविरुद्ध चौकशी करणाऱ्या न्यायाधिकाऱ्यालाच पुढे पद सोडून माफी मागावी लागली.

लॉकने १८२० मध्ये या योजनेचे सविस्तर समर्थन प्रसिद्ध केले. आळशी आणि अर्धउपाशी लोकसंख्येला उद्योगी बनवणे, हा त्याच्या मते या स्थलांतराचा हेतू होता. जहागिरीने रस्ते, बंदरे, हेल्म्सडेलचे मासेमारी केंद्र, ब्रोरा येथील कोळशाची खाण यांवर मोठा खर्च केला, हेही नाकारता येत नाही. उलट बाजूची साक्ष स्ट्रॅथनेव्हरचा पाथरवट डोनाल्ड मॅक्लाउड याने दिली. एडिंबरोच्या वृत्तपत्रातून १८४०–४१ मध्ये प्रसिद्ध झालेल्या त्याच्या पत्रांत जळत्या खोऱ्याचे वर्णन आहे. दोन्ही साक्षी एकत्र वाचल्या असता एक गोष्ट स्पष्ट होते. लॉकच्या योजनेत शेतकऱ्याचे हित विचारात घेतले होते. परंतु त्याचे हित कशात आहे हे त्याला कोणीही विचारले नव्हते.

क्रॉफ्ट : नव्या शेतकऱ्याची निर्मिती

खोऱ्यांतून उठवलेली सर्व माणसे जमीनमालकांना नको होती, असे नाही. पश्चिम किनाऱ्यावर आणि बेटांवर तर परिस्थिती नेमकी उलट होती. तेथे समुद्रशेवाळ जाळून ‘केल्प’ नावाची क्षारयुक्त राख तयार करण्याचा धंदा भरभराटीस आला होता. काच आणि साबण यांच्या कारखान्यांना ही राख लागे. नेपोलियनशी चाललेल्या युद्धांमुळे स्पेनमधून येणारा पर्यायी क्षार दुर्मिळ झाला आणि केल्पचा भाव टनाला सुमारे २० पौंडांपर्यंत चढला. एक टन केल्पसाठी सुमारे २० टन ओले शेवाळ कापून, वाहून, वाळवून जाळावे लागे. या कामाला भांडवल जवळजवळ लागत नसे. लागत असे ते थंड पाण्यात उभे राहणारे मनुष्यबळ. किनारा आणि शेवाळ यांवर मालकी जमीनदाराची असल्याने नफ्याचा बहुतेक हिस्सा त्याच्याकडे जाई.

याच गरजेतून क्रॉफ्टची व्यवस्था आकाराला आली. रनरिगची सामायिक शेते मोडून जमिनीचे लहान लहान, स्वतंत्र तुकडे पाडण्यात आले आणि प्रत्येक कुटुंबाला एकेक तुकडा खंडाने देण्यात आला. हा तुकडा कुटुंबाच्या पूर्ण उदरनिर्वाहाला पुरणार नाही, याची काळजी घेतली गेली. जमीन पुरेशी असती तर शेतकरी शेवाळ कापायला आला नसता आणि जमीन मुळीच नसती तर त्याला वर्षभर मजुरी द्यावी लागली असती. तुटपुंज्या जमिनीमुळे त्याचे पोट अर्धे भरे आणि उरलेल्या अर्ध्यासाठी तो मालकाच्या कामावर येई. केल्पची मजुरीही पुष्कळदा खंडात वळती होऊन जमीनदाराकडेच परत जात असे. हंटर यांच्या ग्रंथाचे सर्वांत मोलाचे योगदान म्हणजे क्रॉफ्टर हा जुन्या शेतकऱ्याचा अवशेष नसून अर्धा शेतकरी आणि अर्धा मजूर असा नवा वर्ग आहे, हे त्यांनी दाखवून दिले.

एवढ्याशा जमिनीवर कुटुंब जगू शकले ते बटाट्यामुळे. निकस, दलदलीच्या जमिनीत उंच वाफे करून आणि शेवाळाचे खत घालून बटाटा घेता येत असे. त्यामुळे विवाह लवकर होऊ लागले, क्रॉफ्ट मुलांमध्ये विभागले जाऊ लागले आणि किनाऱ्यावरील वस्ती दाट झाली. या वाढीला जमीनमालकांचा विरोध नव्हता. उलट लोक अमेरिकेला जाऊ लागले तेव्हा मजूर टंचाईच्या भीतीने त्यांनीच १८०३ चा प्रवासी-जहाज कायदा संमत होण्यासाठी वजन खर्च केले. प्रवाशांच्या सुखसोयींसाठी म्हणून केलेल्या या कायद्याने प्रवासभाडे वाढले आणि गरिबाला देश सोडणे कठीण झाले. पुढे याच लोकसंख्येला ‘अतिरिक्त’ ठरवण्यात आले, हे लक्षात घेण्यासारखे आहे.

साम्राज्याचा पैसा आणि हायलँडची जमीन

हायलँडचे परिवर्तन ही केवळ स्थानिक जमीनदार आणि कूळ यांच्यातील घटना नव्हती. ब्रिटिश साम्राज्याच्या विस्ताराशी, विशेषतः भारताशी, तिचा दुहेरी संबंध होता: हायलँडमधून माणसे बाहेर जात होती आणि बाहेरून पैसा हायलँडमध्ये येत होता.

सैन्यभरती हा जमीनमालकांच्या उत्पन्नाचा आणि प्रतिष्ठेचा एक मार्ग होता. मुलगा पलटणीत पाठवावा आणि त्या मोबदल्यात बापाचा पट्टा कायम राहावा, असे व्यवहार अनेक जहागिरींत झाले. लुइस बेटाचा मालक फ्रान्सिस हंबरस्टन मॅकेन्झी याने १७९३ मध्ये ७८ वी हायलँड पलटण उभारली. २३ सप्टेंबर १८०३ रोजी असईच्या लढाईत आर्थर वेलस्लीच्या सैन्यातील युरोपीय पायदळ म्हणजे हीच ७८ वी आणि तिच्या जोडीची ७४ वी हायलँड पलटण होय. शिंदे आणि नागपूरकर भोसले यांच्या तोफांपुढे मराठवाड्याच्या मातीत मेलेल्या या सैनिकांपैकी अनेकांच्या कुटुंबांच्या लेखी सैन्यसेवा हा जमिनीवरील जुन्या हक्काचाच भाग होता. मात्र युद्धे संपल्यावर त्या सेवेची किंमतही संपली.

पैशाचा ओघ उलट दिशेने होता. १७९२ च्या उठावाची ठिणगी जेथे पडली ते किल्डरमोरी सर हेक्टर मन्‍रो याच्या जहागिरीत होते. १७६४ च्या बक्सारच्या लढाईत विजय मिळवणारा सेनापती तो हाच. भारतातून आणलेली संपत्ती त्याने आपल्या नोव्हारच्या जहागिरीत गुंतवली आणि फायरिशच्या टेकडीवर नागपट्टणमच्या वेशीच्या नमुन्यावर एक स्मारक उभारले. १८४४ मध्ये जेम्स मॅथेसन याने लुइस बेट १,९०,००० पौंडांना विकत घेतले. मूळचा सदरलंडमधील हा गृहस्थ जार्डीन-मॅथेसन या पेढीचा भागीदार होता आणि त्याची संपत्ती चीनशी होणाऱ्या अफूच्या व्यापारातून आलेली होती. या व्यापाराचा एक मोठा भाग माळव्यातील अफूचा होता. शिंदे-होळकरांच्या मुलखात पिकणारी ही अफू मुंबई बंदरातून चीनकडे जाई. मुंबईचे सर जमशेटजी जीजीभाई हे या पेढीचे तेथील प्रमुख सहकारी होते. ज्या बेटावरील तरुण असईला लढले, ते बेट चार दशकांनंतर माळव्याच्या अफूतून आलेल्या पैशावर विकले गेले.

अटलांटिकपलीकडूनही असाच पैसा आला. साउथ उइस्ट आणि बारा ही बेटे विकत घेणारा गॉर्डन ऑफ क्लनी याला कॅरिबियन बेटांतील गुलाम मुक्त झाल्याबद्दल नुकसानभरपाई मिळालेली होती. गुलामगिरीतून आलेला पैसा पश्चिम हायलँडच्या जमिनीत किती खोलवर मुरलेला होता, हे इयन मॅकिनन आणि अँड्र्यू मॅकिलप यांनी २०२० मध्ये प्रसिद्ध केलेल्या अभ्यासातून अधिक स्पष्ट झाले. या नव्या मालकांना ‘दूखस’ची आठवणही असण्याचे कारण नव्हते. त्यांनी जमीन विकत घेतली होती आणि तिच्यावरील माणसे त्यांच्या लेखी एक खर्चाची बाब होती.

दुष्काळ आणि ‘अतिरिक्त’ लोकसंख्या

१८१५ नंतर शांतता आली आणि केल्पचा धंदा कोसळू लागला. परदेशी क्षारावरील व मिठावरील कर कमी झाल्याने कारखान्यांना स्वस्त पर्याय मिळाले. गुरांचे भाव उतरले, हेरिंग मासे अनेक खाड्यांतून नाहीसे झाले. क्रॉफ्टरच्या उत्पन्नाचा मजुरीचा अर्धा भाग नाहीसा झाला आणि त्याच्याकडे बटाट्याचा तुकडा तेवढा राहिला. १८४६ मध्ये बटाट्यावरील करपा हायलँडमध्ये पोहोचला तेव्हा तोही आधार गेला.

आयर्लंडप्रमाणे येथे लाखो लोक मेले नाहीत. प्रभावित लोकसंख्या तुलनेने लहान होती, स्कॉटलंडच्या औद्योगिक शहरांत हंगामी काम मिळू शकत होते आणि मदत वेळेवर पोहोचली. परंतु मदतीमागील विचार कठोर होता. फुकट अन्न दिल्यास माणूस आळशी होतो, या सिद्धांतानुसार दिवसभराच्या कष्टाच्या मोबदल्यात मोजके पीठ दिले जाई. त्या श्रमांतून बांधलेले काही रस्ते आजही ‘दुष्काळी रस्ते’ म्हणून ओळखले जातात. या धोरणावर सर चार्ल्स ट्रेव्हेलियन यांचा प्रभाव होता. कंपनी सरकारच्या सेवेत भारतात कारकीर्द सुरू केलेले आणि पुढे मद्रासचे गव्हर्नर झालेले हेच ते अधिकारी होत. सर जॉन मॅक्नील यांच्यासह त्यांनी चालवलेल्या संस्थेने १८५२ ते १८५७ या काळात सुमारे पाच हजार लोकांना ऑस्ट्रेलियाला पाठवले.

जमीनमालकांनीही याच संधीचा उपयोग करून घेतला. मॅथेसनने १८५० च्या दशकाच्या पूर्वार्धात लुइसमधून दोन हजारांहून अधिक लोक कॅनडाला रवाना केले. खंड थकलेल्यांना मदतीने स्थलांतर किंवा बेदखली एवढेच पर्याय होते. गॉर्डनच्या बेटांवरून १८५१ मध्ये गेलेले अनेक लोक क्वेबेकला पूर्णपणे निष्कांचन अवस्थेत उतरले. पन्नास वर्षांपूर्वी ज्यांना देश सोडू नये म्हणून कायदा केला होता, त्यांच्याच नातवंडांना देश सोडण्यासाठी तिकीट काढून देण्यात आले. मजुरीची गरज असताना लोकसंख्या ही संपत्ती होती आणि गरज संपल्यावर तीच ओझे ठरली. ‘अतिरिक्त’ हे विशेषण म्हणूनच लोकसंख्येच्या आकड्यापेक्षा बाजाराच्या गरजेवर अवलंबून होते, असे म्हणावे लागते.

प्रतिकार आणि १८८६ चा कायदा

१८७० च्या दशकानंतर ऑस्ट्रेलिया व न्यूझीलंडमधील लोकरीच्या स्पर्धेमुळे मेंढीपालनाचाही नफा घटला. मेंढ्यांची जागा आता हरणांनी घेतली. श्रीमंतांच्या शिकारीसाठी राखीव ठेवलेले हे क्षेत्र १९१२ च्या सुमारास ३५ लाख एकरांपर्यंत पोहोचले. आर्थिक प्रगतीसाठी शेतकरी उठवावा लागला, हा लॉकप्रणीत युक्तिवाद या टप्प्यावर दुबळा झाला.

दरम्यान शेतकरी बदलला होता. गेलिक धर्मसभा, शाळा, पूर्व किनाऱ्यावरील मासेमारी आणि शहरांतील मजुरी यांनी त्याला जगाशी जोडले होते. आयर्लंडमधील भूमिआंदोलनाच्या वार्ता मच्छीमारांच्या तोंडून स्काय बेटापर्यंत पोहोचत होत्या. स्कायवरील ब्रेज येथील क्रॉफ्टरांनी बेन ली या डोंगरावरील आपले चराईचे हक्क परत मिळावेत म्हणून खंड रोखला. एप्रिल १८८२ मध्ये नोटिसा घेऊन आलेल्या अधिकाऱ्याला त्या जाळायला लावण्यात आल्या. त्यानंतर ग्लासगोहून आलेल्या सुमारे पन्नास पोलिसांशी गावकऱ्यांची, त्यातही विशेषतः स्त्रियांची, दगडधोंड्यांनी झटापट झाली. सामायिक डोंगर हाच संघर्षाचा विषय होता, ही बाब अर्थपूर्ण आहे.

१८८३ मध्ये सरकारने चौकशी आयोग नेमला. त्याचे अध्यक्ष लॉर्ड नेपियर हे १८६६ ते १८७२ या काळात मद्रासचे गव्हर्नर होते आणि १८७२ मध्ये त्यांनी हंगामी व्हाइसरॉय म्हणूनही काम पाहिले होते. भारतातील ग्रामसंस्था त्यांना परिचित होत्या. आयोगाने गावोगावी जाऊन सातशेहून अधिक साक्षी नोंदवल्या. अनेक साक्षीदार गेलिकमध्ये बोलले आणि ते दुभाष्यामार्फत लिहून घेण्यात आले. बेदखलीच्या भीतीने प्रथम काही साक्षीदार बोलण्यास तयार नव्हते. तरीही आजोबांची शेते कोणती होती, ती कोणत्या वर्षी गेली, कुरण कोणाला दिले गेले, हे तपशील त्यांनी सांगितले. ज्या हक्काचा दस्तऐवज नव्हता, त्याचा पहिला मोठा लेखी पुरावा अशा रीतीने तयार झाला.

क्रॉफ्टरांच्या गावाला सामूहिक संस्था म्हणून मान्यता द्यावी, अशी नेपियर आयोगाची शिफारस होती. सरकारने ती स्वीकारली नाही. त्याऐवजी आयर्लंडच्या १८८१ च्या कायद्याचा नमुना समोर ठेवून १८८६ चा क्रॉफ्टर कायदा संमत झाला. खंड भरत असेपर्यंत क्रॉफ्टरला जमिनीवरून काढता येणार नाही, हक्क वारसाकडे जाईल, केलेल्या सुधारणांची भरपाई मिळेल आणि वाजवी खंड आयोग ठरवील, या त्यातील मुख्य तरतुदी होत्या. आयोगाने अनेकांचे खंड कमी केले आणि थकबाकीचा मोठा भाग रद्द केला. मात्र कायद्याने संरक्षण दिले ते जवळ असलेल्या तुकड्याला. गेलेली खोरी परत मिळाली नाहीत. ज्यांच्याकडे क्रॉफ्टही नव्हता त्या भूमिहीनांना काहीच मिळाले नाही. म्हणूनच १८८७ मध्ये लुइसमधील भूमिहीनांनी पार्क येथील राखीव रानात शिरून हरणांची शिकार केली आणि पुढील काळातही जमिनींवर ताबा घेण्याचे प्रकार चालू राहिले.

समारोप

हायलँडमधील कृषक समाजाच्या रूपांतराचा क्रम पाहता, सर्वप्रथम बदलला तो प्रमुख. शेतकरी त्याच्यामागून बदलला. प्रमुखाच्या रोख पैशाच्या गरजेने जमिनीला बाजारमूल्य आले. लोकरीच्या मागणीने शेतकऱ्याला खोऱ्यातून हलवले, केल्पच्या मागणीने त्याला किनाऱ्यावर बांधून ठेवले आणि ती मागणी संपताच त्याला समुद्रापार पाठवले. या प्रत्येक टप्प्यावर कायदा सनदेच्या बाजूने उभा राहिला. पिढ्यान्‌पिढ्यांच्या वहिवाटीला न्यायालयात स्थान नव्हते.

यावरून दोन निष्कर्ष निघतात. पहिला असा की, भांडवलशाही कृषक समाजाला नेहमीच नष्ट करते असे नाही. आपल्या सोयीसाठी ती अपुऱ्या जमिनीचा, अर्ध्या मजुरीवर जगणारा शेतकरी निर्माण करते आणि त्याला परंपरेचे नाव मिळते. दुसरा असा की, परंपरागत हक्काची स्मृती आर्थिकदृष्ट्या पराभूत झाली तरी राजकीयदृष्ट्या ती दीर्घकाळ कार्यक्षम राहू शकते. १८८३ च्या साक्षींत ती बोलली. पुढे १९९३ मध्ये असिंटच्या क्रॉफ्टरांनी आपली जहागीर सामूहिकरीत्या विकत घेतली, १९९७ मध्ये एग बेटाच्या रहिवाशांनी तेच केले आणि २००३ च्या भूमिसुधारणा कायद्याने क्रॉफ्टर समुदायांना जमीन खरेदीचा अधिकार दिला. मात्र जी भूमी त्यांचे पूर्वज आपलीच समजत होते, ती मिळवण्यासाठी या समुदायांना तिची किंमत मोजावी लागली. लेखी पुराव्याअभावी गमावलेला हक्क अडीच शतकांनंतर खरेदीखताच्या रूपाने परत आला, आणि त्या खरेदीखतावर नाव एका व्यक्तीचे नव्हते, समुदायाचे होते.